चेंडू हलण्याआधी : कॉलेज फुटबॉलची फायनल टीव्हीवर पाहणाऱ्यांसाठी प्रस्तावना

7 डिसेंबर 1963 रोजी फिलाडेल्फियात आर्मी विरुद्ध नेव्ही, म्हणजे अमेरिकेच्या लष्कराच्या आणि नौदलाच्या महाविद्यालयांचा, फुटबॉलचा सामना चालू होता. खरे तर तो आठवडाभर आधी व्हायचा. पण 22 नोव्हेंबरला अध्यक्ष केनेडींची हत्या झाली आणि सामना पुढे ढकलला गेला. शेवटच्या क्वार्टरमध्ये आर्मीचा क्वार्टरबॅक, म्हणजे डाव चालवणारा खेळाडू, चेंडू घेऊन स्वतःच गोलरेषेपलीकडे घुसला आणि टचडाऊन झाला. थोड्या वेळाने सीबीएस वाहिनीच्या पडद्यावर तो पुन्हा घुसला, पुन्हा टचडाऊन झाला. समालोचक लिंडसे नेल्सन यांना घाईघाईने सांगावे लागले की आर्मीने आणखी गुण मिळवलेले नाहीत, तुम्ही बघताय ते मघाचेच दृश्य आहे. टोनी व्हर्ना नावाच्या तरुण दिग्दर्शकाने व्हिडिओटेपचे एक अवजड यंत्र मैदानावर आणवून घेतले होते. दिवसभर ते दगा देत राहिले आणि एकदाच धड चालले. सामना नेव्हीने 21-15 असा जिंकला. वेळ संपली तेव्हा आर्मीचा संघ गोलरेषेपासून दोन यार्डांवर होता, पण ती गोष्ट आता फारशी कुणाला आठवत नाही. आठवतो तो रिप्ले.

आज क्रिकेटपासून कबड्डीपर्यंत सगळीकडे दिसणारा हा रिप्ले कॉलेजच्या मुलांच्या फुटबॉलमध्ये जन्माला आला, यात मला नवल वाटत नाही. हा खेळ एका नजरेत मावतच नाही. बावीस जण एकाच क्षणी हलतात, पाचसहा सेकंदांत कुठेतरी माणसांचा ढीग होतो, शिट्टी वाजते आणि सगळे थांबतात. पुढचा अर्धा मिनिट काहीच घडत नाही, निदान तसे दिसते. त्या रिकाम्या वेळात काय दाखवायचे, हा प्रश्न टेलिव्हिजनने साठ वर्षांत नाना युक्त्यांनी सोडवला. त्या वेळात काय बघायचे, हा प्रश्न मात्र प्रेक्षकाचा आहे, आणि पुढची सारी प्रकरणे त्यासाठीच लिहिली आहेत.

अमेरिकेत विद्यापीठाच्या गावी शिकायला गेलेला मराठी विद्यार्थी या खेळाला बहुधा तक्रारीतून भेटतो. शनिवारी पार्किंगला जागा नाही, बस वळवलेल्या, ग्रंथालय ओस आणि रस्त्यावर एकाच रंगाच्या टीशर्टांचा पूर. पहिल्या वर्षी तो वैतागतो, दुसऱ्या वर्षी तोच टीशर्ट विकत घेतो. पुढे नोकरी लागते, गाव बदलते, तरी टीशर्ट राहतो. जानेवारीत एखाद्या सोमवारी संध्याकाळी कुणाच्या तरी घरी फायनल पाहायला जमायचे ठरते. चिप्स येतात, बटाटेवडे येतात, आणि खोलीतल्या निम्म्या माणसांना समोर काय चालले आहे याचा पत्ता नसतो. उरलेले निम्मे आपल्याला तो आहे असे दाखवतात. हे पुस्तक पहिल्या निम्म्यांसाठी आहे. दुसऱ्यांनी ते चोरून वाचायला हरकत नाही.

आधी पडद्याच्या खालच्या पट्टीबद्दल सांगतो, कारण तिथला एक आकडा कळला की अर्धा खेळ कळतो. गुण आणि घड्याळ यांच्या शेजारी "तिसरा आणि 7" अशा अर्थाचे काही लिहिलेले असते. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्या संघाला दहा यार्ड पुढे सरकायला चार प्रयत्न मिळतात. प्रयत्नाला डाऊन म्हणतात. पहिला आकडा कितवा प्रयत्न ते सांगतो, दुसरा किती यार्ड उरले ते. दहा यार्ड पुरे झाले की पुन्हा नवे चार. नाही झाले तर चेंडू दुसऱ्यांचा. बाकीचे सगळे नियम, आणि ते पुष्कळ आहेत, या सौद्याभोवती रचलेले आहेत. पडद्यावर मैदानावर रंगवल्यासारखी जी पिवळी रेघ दिसते ती त्या दहाव्या यार्डाची. स्टेडियममधल्या माणसाला ती दिसत नाही. 1998 साली ती प्रथम टीव्हीवर आली, आणि घरी बसलेल्याला मैदानातल्या प्रेक्षकापेक्षा जास्त दिसू लागले.

तिसरा आणि 2 म्हणजे पळतील किंवा फेकतील, काहीही करतील. तिसरा आणि 11 म्हणजे फेकणार, हे मैदानातल्या आणि मैदानाबाहेरच्या सगळ्यांना ठाऊक असते, बचाव करणाऱ्यांनाही. एवढे ओळखता आले तरी चेंडू हलण्याआधीच आपल्या मनात एक अंदाज बांधला जातो. तो चुकला तरी बिघडत नाही. अंदाज न बांधता बसलेल्या माणसाला हा खेळ साडेतीन तासांच्या धक्काबुक्कीसारखा दिसतो.

मग कुठे बघायचे? चेंडूकडे नाही. चेंडू सांभाळायला कॅमेरा आहे, तो आपले काम चोख करतो. चेंडू मागे देणाऱ्या मधल्या खेळाडूच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन धिप्पाड माणसे वाकून उभी असतात. चेंडू मागे गेला की या पाच जणांच्या हातात तो जवळपास कधीच येत नाही, समालोचक त्यांची नावे बहुधा चूक झाली की घेतात, आणि सगळा खेळ त्यांच्या पहिल्या पावलात असतो. पाऊल पुढे पडले, धडक दिली, तर पळण्याचा डाव. पाऊल मागे गेले, हात छातीशी आले, तर पास. त्या पहिल्या पावलाकडे दहा-बारा डाव नेटाने पाहिले की कॅमेरा वळण्याआधी आपली मान वळू लागते.

अर्थात कॉलेजचे प्रशिक्षक काही भोळे नाहीत. व्यावसायिक फुटबॉलमध्ये पास फेकायचा असेल तर या पाच जणांना जेमतेम एक यार्ड पुढे जाता येते. कॉलेजच्या नियमात तीन यार्डांची मुभा आहे. या दोन यार्डांच्या फरकातून डावांची एक अख्खी शाखा फुटली. पाचही जण पळण्याच्या डावासारखी धडक देतात, क्वार्टरबॅक चेंडू शेजाऱ्याच्या पोटाशी धरतो, आणि बचावातला एखादा गडी कुठे सरकतो ते बघून शेवटच्या क्षणी ठरवतो, की द्यायचा की काढून फेकायचा. म्हणजे मी वर सांगितलेली खूण इथे मुद्दाम खोटी केलेली असते. खूण शिकावी, मग तिच्यावरचा विश्वास थोडा कमी करावा, असा हा क्रम आहे. दुसरा उपाय नाही.

मैदानाची आखणीही कॉलेजची वेगळी. डावाआधी चेंडू ज्यांच्या दरम्यान ठेवला जातो त्या दोन तुटक रेघा कॉलेजमध्ये एकमेकींपासून 40 फुटांवर असतात, व्यावसायिकांत त्या कितीतरी जवळ. मैदानाची रुंदी 160 फूट. त्यामुळे चेंडू एका रेघेवर असला की एका बाजूला 60 फूट उरतात आणि दुसऱ्या बाजूला 100. मोकळी बाजू कोणती, सर्वांत वेगवान मुलगा तिकडे उभा आहे की मुद्दाम अरुंद बाजूला, हे दर वेळी बघण्यासारखे असते.

इथवर जे सांगितले ते टीव्हीवर दिसते. टीव्हीवर जे दिसत नाही त्याची गोष्ट सांगायची तर 8 जानेवारी 2018 ची रात्र घ्यावी लागते. अटलांटातली फायनल, अलाबामा विरुद्ध जॉर्जिया. मध्यंतराला जॉर्जिया 13-0 ने पुढे. अलाबामाचा क्वार्टरबॅक जेलन हर्ट्स, ज्याने त्या दोन मोसमांत जवळपास सगळे सामने जिंकून दिले होते, त्याला प्रशिक्षक निक सेबन यांनी मध्यंतरात बाकावर बसवले आणि तुआ तागोवाइलोआ या पहिल्या वर्षाच्या मुलाला पाठवले. हवाईचा, डावखुरा, तोवर मुख्यतः निकाल लागून गेलेल्या सामन्यांच्या शेवटी खेळलेला. त्याने बरोबरी साधून दिली. नियमित वेळेच्या शेवटच्या क्षणी अलाबामाचा 36 यार्डांवरचा फील्ड गोल, म्हणजे खांबांमधून चेंडू लाथाडण्याचा प्रयत्न, हुकला आणि सामना जादा वेळेत गेला.

कॉलेजचा जादा वेळ न्यारा असतो: प्रत्येक संघाला प्रतिस्पर्ध्याच्या 25 यार्डांच्या रेघेपासून एक संधी. जॉर्जियाची संधी आधी. त्यांनी 51 यार्डांवरून फील्ड गोल मारला, 23-20. अलाबामाच्या पहिल्याच डावात तागोवाइलोआ चेंडू धरून रेंगाळला, मागे मागे गेला आणि 16 यार्ड गमावून आडवा झाला. पट्टीवर आकडा आला : दुसरा आणि 26. एवढा वाईट आकडा फायनलच्या जादा वेळेत क्वचित दिसतो. तिथून फील्ड गोल मारायचा म्हटला तर 58 यार्ड पडले असते, आणि हुकलेला गोल सगळ्यांच्या डोळ्यांपुढे ताजा होता.

पुढच्या डावात टीव्हीवर दिसले ते असे. चेंडू मागे आला. मुलाने तो धरला, उजवीकडे पाहिले, मग डावीकडे उंच फेकला. कॅमेरा चेंडूमागे वळला आणि डेव्होन्टा स्मिथ, तोही पहिल्या वर्षाचाच, एकटाच पळताना दिसला. 41 यार्ड, टचडाऊन, सामना खलास, 26-23. चार सेकंदांत हरलेला संघ जिंकला आणि बघणाऱ्याला वाटले, काय नशीब!

नशीब कुठे होते ते त्या उजवीकडच्या नजरेत शोधावे लागते. बचावात सर्वांत मागे उभे असतात त्यांना सेफ्टी म्हणतात. टीव्हीच्या नेहमीच्या चौकटीत ते बहुतेक वेळा मावत नाहीत, कारण चौकट चेंडूभोवती आवळलेली असते. त्या डावात दोन सेफ्टी मागे होते, मैदान त्यांनी अर्धे अर्धे वाटून घेतले होते. डाव्या अर्ध्याचा रखवालदार क्वार्टरबॅकच्या डोळ्यांकडे पाहत होता. डोळे उजवीकडे गेले, तो क्षणभर आतल्या अंगाला खिळला, आणि स्मिथ त्याच्या पाठीमागून निघून गेला. एकोणीस वर्षांच्या मुलाने नुकताच मोठा घोळ घातलेला असताना, जड दडपणाखाली, फक्त नजरेने एक माणूस हलवला. थेट प्रक्षेपणात तो माणूसच पडद्यावर नव्हता. वरून तारेवर फिरणाऱ्या कॅमेऱ्याचे दृश्य आले तेव्हा तो दिसला. म्हणून पुढे तिसऱ्या प्रकरणात मी सुचवले आहे, की डावाआधीचे जे रुंद दृश्य क्षणभर मिळते त्यात मागे एक माणूस आहे की दोन, एवढे मोजून ठेवा आणि रिप्लेत त्यांनाच शोधा. रिप्लेच्या वेळी उठून स्वयंपाकघरात जाणारा प्रेक्षक सामन्याचा उत्तम भाग सोडून जातो.

हर्ट्सचे पुढे काय झाले हेही सांगायला हवे. बाकावरून तो सगळ्यांत मोठ्याने नव्या मुलाला शाबासकी देत होता. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये, त्याच अटलांटात, त्याच जॉर्जियाविरुद्ध, कॉन्फरन्सच्या, म्हणजे विद्यापीठांच्या गटाच्या, फायनलमध्ये तागोवाइलोआ जखमी झाला आणि हर्ट्सने येऊन तो सामना जिंकून दिला. चित्रपटात असे दाखवले तर आपण पटकथाकाराला हसू.

चौथ्या डाऊनवर मी अख्खे प्रकरण खर्ची घातले आहे, कारण तिथे खेळ थांबतो आणि निर्णय सुरू होतो. बहुतेक संघ चौथा प्रयत्न करत नाहीत. चेंडू लांब लाथाडून प्रतिस्पर्ध्याला मागे ढकलतात, किंवा जवळ असतील तर फील्ड गोल मारून तीन गुण घेतात. 4 जानेवारी 2006 ला पॅसाडेनाच्या रोझ बोलमध्ये, त्या मोसमाच्या फायनलमध्ये, यूएससी (सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठ) टेक्ससविरुद्ध 38-33 ने पुढे होता, दोन मिनिटांपेक्षा थोडा जास्त वेळ उरला होता, टेक्ससच्या 45 यार्डांच्या रेघेवर चौथा आणि 2. दोन यार्ड मिळाले की विजेतेपद जवळपास नक्की. यूएससीने लाथाडले नाही, प्रयत्न केला. लेनडेल व्हाइट एका यार्डाने कमी पडला. त्या डावात त्यांचा सर्वांत चपळ खेळाडू रेजी बुश मैदानाबाहेर उभा होता, आणि यावर आजही वाद घालणारे भेटतात. मग टेक्ससचा व्हिन्स यंग 19 सेकंद उरले असताना चौथा आणि 5 वर उजव्या कोपऱ्यात पळत शिरला. 41-38. दोन चौथे डाऊन, एक फसलेला, एक साधलेला. बाकी साडेतीन तास त्यांची तयारी होती म्हणा ना. माझ्या मते यूएससीचा निर्णय बरोबर होता. निकालावरून निर्णयाची किंमत करण्याची खोड टीव्हीसमोर बसल्यावर सगळ्यांनाच लागते.

आता फायनल या गोष्टीबद्दल. वाटावी तितकी ती जुनी नाही. विद्यापीठांचा पहिला सामना 1869 साली न्यू जर्सीत रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात झाला, बाजूला पंचवीस-पंचवीस खेळाडू, आजच्या खेळाशी फारसे साम्य नाही. पण या खेळाच्या वरच्या श्रेणीला राष्ट्रीय विजेता ठरवणारी स्पर्धा पुढे सव्वाशे वर्षे नव्हती. मोसम संपला की असोसिएटेड प्रेसचे पत्रकार मत देत (1936 पासून), नंतर प्रशिक्षकही देऊ लागले, आणि कधी दोन याद्यांवर दोन विजेते निघत. विद्यापीठांच्या खेळांची मध्यवर्ती संस्था एनसीएए पोहण्यापासून तलवारबाजीपर्यंत सगळ्यांचे विजेते ठरवते. या एका श्रेणीच्या फुटबॉलचा ती आजही ठरवत नाही. 1998 पासून पहिल्या दोन संघांना समोरासमोर आणण्याची पद्धत आली, तरी 2003 च्या मोसमात फायनल लुइझियाना स्टेटने जिंकली आणि पत्रकारांनी पहिला क्रमांक दिला यूएससीला. 2014 च्या मोसमापासून चार संघांची बाद फेरी सुरू झाली. कोण चार, ते तेरा जणांची समिती ठरवी. 2023 साली फ्लोरिडा स्टेट तेराच्या तेरा सामने जिंकूनही बाहेर राहिला, कारण त्यांचा क्वार्टरबॅक जखमी होता आणि समितीला वाटले की हा संघ आता तो संघ उरलेला नाही. पुढल्या वर्षी संघ बारा झाले. आणि काय झाले? नियमित मोसमात दोन सामने हरलेला ओहायो स्टेट 20 जानेवारी 2025 ला नोटर डेमला 34-23 असे हरवून विजेता झाला. जुन्या पद्धतीत त्याला दारातही उभे केले नसते.

टीव्हीने हे सगळे घडवले, असे म्हटले तर ते फार चुकीचे ठरणार नाही. एकेकाळी एनसीएएच ठरवी, की शनिवारी किती सामने दाखवायचे आणि एका संघाने किती वेळा दिसायचे. स्टेडियम ओस पडतील ही भीती. ओक्लाहोमा आणि जॉर्जियाच्या विद्यापीठांनी न्यायालयात धाव घेतली आणि 1984 साली सर्वोच्च न्यायालयाने 7 विरुद्ध 2 मतांनी ही मक्तेदारी मोडली. विरोधी मत लिहिणारे न्यायमूर्ती बायरन व्हाइट स्वतः कोलोरॅडो विद्यापीठाचे गाजलेले खेळाडू होते, आणि शिक्षणसंस्थांचा खेळ बाजाराच्या हाती जाईल ही त्यांची चिंता होती. ती खरी ठरली, मात्र जरा वेगळ्या वाटेने: पैसा सगळ्यांना मिळाला, खेळणाऱ्यांना सोडून. 2021 पासून खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिराती करून कमावता येऊ लागले, आणि 2025 च्या न्यायालयीन तडजोडीनंतर विद्यापीठे त्यांना थेट पैसे देऊ लागली. त्याने खेळाचा निरागसपणा गेला अशी हळहळ पुष्कळांना वाटते. मला वाटत नाही. एक लाख माणसे तिकीट काढून आत येतात, तिथे फक्त पळणाऱ्यानेच निरागस राहावे ही अपेक्षा जरा सोयीची आहे.

एक लाख हा आकडा मी उगाच फेकलेला नाही. मिशिगन विद्यापीठाच्या स्टेडियममध्ये 1,07,601 माणसे बसतात. ॲन आर्बर या त्या गावाची वस्ती सव्वा लाखाच्या आसपास. पदवी घेऊन चाळीस वर्षे झालेली माणसे तिथे येतात. पुरुषोत्तम करंडकाच्या वेळी भरत नाट्य मंदिरात "अरे, आव्वाज कुणाचा" ऐकलेल्या माणसाला हे समजावून सांगावे लागणार नाही. फक्त त्यातल्या आरोळ्या देणाऱ्यांचे वय आणि संख्या वाढवून बघायची. फायनल तटस्थ मैदानावर होते, तरी दोन्ही बाजूंचे लोक येतात, आणि आवाजातून एक गोष्ट कळते. आपल्या संघाकडे चेंडू असताना लोक गप्प राहतात, म्हणजे क्वार्टरबॅकचे सांगणे सगळ्यांना ऐकू जावे. प्रतिस्पर्ध्याकडे चेंडू गेला की आरडाओरडा. टीव्हीचा आवाज थोडा वाढवला तर स्टेडियमचा कोणता भाग कुणाचा तेही ओळखता येते.

मध्यंतर वीस मिनिटांचे. विद्यापीठांचे बँड तेव्हा मैदानात उतरतात. ओहायो स्टेटचा बँड चालत चालत मैदानावर राज्याचे नाव लिहितो आणि एक वादक शेवटी त्यावर टिंब होऊन उभा राहतो, ही त्यांची 1936 पासूनची परंपरा. दुर्दैवाने या वेळी वाहिनी बहुधा स्टुडिओत जाते, आणि कोट घातलेले तीन माजी खेळाडू आपण नुकतेच जे पाहिले ते आपल्याला सांगतात. बँड दाखवणारे दुसरे प्रक्षेपण मिळत असेल तर तिकडे जावे. ईएसपीएनने 2014 च्या जानेवारीपासून एकाच फायनलची अनेक प्रक्षेपणे चालवली आहेत: काही वर्षी एकात प्रशिक्षक बसून डाव उलगडत, एकात सगळे दृश्य वरच्या कॅमेऱ्याचे. नवख्याने मुख्य वाहिनी लावावी. प्रशिक्षकांचे प्रक्षेपण मिळत असेल तर पहिल्या क्वार्टरनंतर त्यांच्या खोलीत डोकवावे. निम्मे कळणार नाही, पण प्रशिक्षकही चेंडूकडे पाहत नाहीत हे मात्र कळेल.

जाहिराती पुष्कळ असतात, त्याला इलाज नाही. एक गोष्ट तेवढी लक्षात ठेवावी. कुणी पडला आणि उठला नाही, की टीव्ही जाहिरातीकडे वळतो. परत येतो तेव्हा मैदान मोकळे असते. 1905 च्या मोसमात या खेळात डझनाहून जास्त मुले दगावली. अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या मंडळींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतले. पुढच्या वर्षी नियम बदलले आणि चेंडू पुढे फेकायला परवानगी मिळाली, म्हणजे माणसे एकाच जागी एकमेकांवर कोसळू नयेत. तागोवाइलोआचा तो पास या बदलाचा वारस आहे. आज डोक्याला लक्ष्य करून धडक देणाऱ्याला मैदानाबाहेर काढतात, पंच ती धडक वारंवार संथ गतीने तपासतात, आणि घरात बसलेले लोक आपापल्या संघाप्रमाणे मत देतात. मेंदूच्या दुखापतींविषयी जे आता माहीत झाले आहे ते माहीत असूनही मी हा खेळ बघतो. त्याचे समर्थन या पुस्तकात कुठे सापडणार नाही. चौकटीबाहेर नेलेल्या मुलाची पुढची बातमी सामन्यानंतर शोधावी, एवढेच सातव्या प्रकरणात म्हटले आहे.

काही व्यवहाराच्या गोष्टी सांगून थांबतो. फायनल जानेवारीत, बहुधा सोमवारी होते, कारण शनिवार-रविवार व्यावसायिकांच्या बाद फेऱ्यांनी अडवलेले असतात. अमेरिकेत 2011 पासून ती ईएसपीएन या वर्गणीच्या वाहिनीवर दाखवली जात आली आहे; यंदा ती कुठे आहे ते, आणि लागत असेल तर वर्गणी, आदल्या दिवशीच तपासावी. पूर्व किनाऱ्यावर साडेसातच्या सुमारास सामना सुरू होतो तेव्हा भारतात मंगळवारची सकाळ झालेली असते, सहा वाजलेले असतात. पुण्यात किंवा पणजीत बसून मुलीच्या विद्यापीठाची फायनल बघणाऱ्या आईवडिलांना त्यामुळे रात्र जागवावी लागत नाही. चहाबरोबर पहिला क्वार्टर, अंघोळ मध्यंतरात, आणि साडेनऊ-पावणेदहापर्यंत निकाल. मोबाइलवर सामना बघत असाल तर कुटुंबाचा व्हॉट्सॲप गट तेवढा बंद ठेवा. इंटरनेटवरचे प्रक्षेपण टीव्हीच्या काही सेकंद मागे असते, आणि ओहायोतला भाचा टचडाऊनची बातमी तुमच्या आधी कळवून मोकळा होतो.

पहिले प्रकरण नियमांचे आहे. ते आधी वाचायची सक्ती नाही. अडले की उघडावे. चौथ्या डाऊनचे प्रकरण मात्र सामन्यापूर्वी वाचलेले बरे.